राजवाडा वापरावा कसा?

तुमच्या गावात एखादा जुना राजवाडा उरला असेल तर घाबरून जाऊ नका. कोल्हापुरात असे तीन-चार आहेत आणि तरी शहर बरं चाललंय. राजवाड्याचा त्रास एवढाच, की तो पाडता येत नाही आणि नीट ठेवायचा म्हटला तर खिसा फाटतो. मग त्याचं करायचं काय, याचा आम्हाला दांडगा अनुभव आहे. फुकट सांगतोय, ऐकून घ्या.

राजघराणं अजून तिथं राहत असेल तर अर्धी डोकेदुखी गेलीच म्हणायची. आमचा नवा राजवाडा बघा. नवा म्हणजे १८७७ साली काम सुरू होऊन १८८४ साली पुरा झालेला. कोल्हापुरात एकदा नवं म्हटलं की ते नवंच राहतं. काळा घडीव दगड, मधोमध अष्टकोनी मनोरा, त्यावर घड्याळ. वर छत्रपतींचा निवास, खाली शहाजी छत्रपती म्युझियम. आराखडा मेजर चार्ल्स मॅन्टचा. बडोद्याचा लक्ष्मीविलास राजवाडाही त्यानेच आखला. आपली आकडेमोड चुकली असून इमारती कोसळणार, या धास्तीनं त्याचं डोकं फिरलं, असं सांगतात. बिचारा १८८१ सालीच गेला. इमारती मात्र अजून ताठ उभ्या आहेत. बांधणाऱ्याला आपलं काम पडेल म्हणून झोप लागत नसे, असाही एक काळ होता. हल्ली पूल उद्घाटनाआधी खचतो आणि सगळे गाढ झोपलेले असतात.

म्युझियममध्ये गेलात तर दरबार हॉलमध्ये फार वेळ घालवू नका. तिथल्या रंगीत काचांवर शिवचरित्रातले प्रसंग आहेत, पण ते बघायला मान वर करावी लागते. थेट वाघांकडे चला. पोरं तिकडंच ओढतात, आणि खरं सांगायचं तर आपणही. वाघ, बिबटे आणि कवटीचा केलेला अ‍ॅशट्रेसुद्धा. इतिहास आम्हाला असाच आवडतो : पेंढा भरलेला, काचेचे डोळे बसवलेला आणि न चावणारा.

दुसरा मार्ग हॉटेलचा. रंकाळ्याच्या काठावर शालिनी पॅलेस आहे. १९३१ ते १९३४ या काळात आठ लाख रुपये घालून बांधला, राजकन्या शालिनीराजेंचं नाव दिलं. १९८७ साली त्याचं हॉटेल झालं आणि पुढं ते बंदही पडलं. यातून शिका. राजवाड्याचं हॉटेल करायचं असेल तर समोर तळं नको, तळ्याला कठडा नको आणि कठड्यावर भेळ तर अजिबात नको. संध्याकाळी दोन भेळ बांधून घेतल्या की अख्खा पॅलेस पाण्यापलीकडून फुकट दिसतो. आत जाऊन त्याच पॅलेसचं बिल भरायला कोल्हापूरकर काय खुळा आहे? आता तो प्री-वेडिंगच्या फोटोंत मागं धूसर करून वापरतात. जोडपं ठळक, पॅलेस पुसट. चांगली सोय आहे.

कसबा बावड्यातल्या लक्ष्मीविलास पॅलेसबद्दल फार सांगण्यासारखं नाही. २६ जून १८७४ रोजी शाहू महाराजांचा जन्म तिथं झाला, एवढं लक्षात ठेवा आणि दर २६ जूनला सकाळी लवकर पोहोचा. हार घालताना पुढच्या रांगेत उभं राहिलं की फोटोत येता. उरलेले ३६४ दिवस आपले आपल्याला.

आता मुख्य धडा, जुना राजवाडा. अंबाबाईच्या देवळातून बाहेर पडून भवानी मंडपाकडं वळलात की तुम्ही तिथंच उभे असता. फक्त कळत नाही, कारण समोर बसची, चपलांची आणि खेळण्यांची गर्दी असते. राजवाडा मोकळा पडू द्यायचा नाही, हे सूत्र आम्ही इथं पूर्ण राबवलं. छत्रपतींच्या कुलदेवतेचं, तुळजाभवानीचं देऊळ आहे. पोलीस ठाणं आहे, त्याचं नावच जुना राजवाडा पोलीस ठाणं. राजवाड्यात फिर्याद घेऊन जायची रीत बघा कशी टिकवली आम्ही! पूर्वी न्याय मागायला जायचे, आता मोबाईल हरवला म्हणून दाखला मागायला.

दगडी कमानी दिसल्या की त्यांचाही उपयोग करा. कमान म्हणजे फ्लेक्स बांधायची तयार चौकट. आमच्याकडं एका भाऊंच्या वाढदिवसाची सुतळी दगडातल्या नक्षीदार कमळाला गुंडाळलेली मी बघितली आहे. पाकळीवर गाठ, गाठीवर गाठ. फ्लेक्स उतरवला, सुतळी तशीच. पुढच्या भाऊंना नवी आणायला नको.

या सगळ्यात एकच वापर जरा गैरसोयीचा निघाला, तो म्हणजे शाळा. भवानी मंडपात मेन राजाराम हायस्कूल आहे. राजाराम कॉलेजही पूर्वी याच आवारात भरायचं. म्हणजे ज्या आवारात एकेकाळी मुजरे झडले, तिथं साध्या घरातली पोरं बाकावर बसून गणितं सोडवतात. या संस्थानाला तशी जुनी खोडच होती. १९१७ साली शाहू महाराजांनी प्राथमिक शिक्षण मोफत आणि सक्तीचं केलं, पोराला शाळेत न धाडणाऱ्या बापाला महिन्याला एक रुपया दंड लावला. राजवाडा चांगल्या कामाला लावायचा याहून चोख नमुना मला तरी ठाऊक नाही, आणि तोच हलवावा असं मध्यंतरी काही शहाण्यांना वाटलं. मोक्याची जागा, देवळापासून हाकेच्या अंतरावर, आणि तिथं काय, तर मुलं शिकतात! भाविकांची सोय केली असती तर केवढी उलाढाल झाली असती.

माजी विद्यार्थी, पेठेतली मंडळी रस्त्यावर उतरली आणि बेत अडला. तेव्हा तुमच्या गावी असलं काही करायचं असेल तर आधी शाळेची पटसंख्या घसरू द्या. शिक्षकांची भरती लांबवा, छत गळत असेल तर गळू द्या. चार-पाच वर्षांत पोरं आपोआप दुसरीकडं जातात आणि मग तुम्ही काही हलवलंय असं कुणाला म्हणताच येत नाही. इमारतीला वारसा म्हणून पाटी तेवढी आधीच लावून ठेवा.

आणि भवानी मंडपात शाळा बघायला येणार असाल तर रविवारी येऊ नका. शाळा बंद असते, आणि गाडी लावायला जागा कुठल्याच वारी नसते.