एका प्रतिक्रियेला उत्तर: 'अमेरिकेतला वंश वाचून आमच्या पोरांना काय मिळणार?'

परभणीचे 'एक वाचक' यांस,

'ड्यू बॉइज रिव्ह्यू' या हार्वर्डशी जोडलेल्या, वंशभेदावरचं संशोधन छापणाऱ्या नियतकालिकावरचा माझा लेख वाचून तुम्ही लिहिलंत: "हार्वर्डचं नाव दिसलं की तुमच्यासारख्यांचा ऊर भरून येतो. अमेरिकेतला वंश वाचून मराठवाड्यातल्या पोरांना काय मिळणार? शिवाय परिच्छेद लांबलचक, आणि ते इंग्रजी कुणाला झेपतं?"

परिच्छेद लांब होते, कबूल. 'तुमच्यासारख्यांचा' हे मात्र खटकलं. माणसाची ओळख नाही, पाळख नाही आणि त्याला एका गटात ढकलून मोकळं व्हायचं. तेही वंशभेदावरच्या लेखाखाली! हे नियतकालिक 2004 पासून निघतं, केंब्रिज विद्यापीठाचा छापखाना ते छापतो, एवढंच मी लिहिलं होतं. ज्यांच्या नावानं ते निघतं, त्या ड्यू बॉइज या कृष्णवर्णीय अमेरिकी समाजशास्त्रज्ञांना बाबासाहेबांनी 1946 मध्ये पत्र लिहून अमेरिकेतल्या कृष्णवर्णीयांनी संयुक्त राष्ट्रांना दिलेल्या निवेदनाच्या प्रती मागितल्या होत्या. त्यांचाही ऊर भरून आला होता म्हणायचं का?

आता 'काय मिळणार?' मोजायची रीत मिळते, साहेब. भेदभाव होतो हे पारावरही कुणी सांगेल. किती होतो, ते दाखवायला रीत लागते. बर्ट्रांड आणि मुल्लैनाथन या अमेरिकेतल्या अर्थतज्ज्ञांनी बॉस्टन-शिकागोतल्या नोकरीच्या जाहिरातींना सुमारे 5000 अर्ज धाडले. पात्रता तोडीस तोड, नावं तेवढी वेगळी. 2004 मध्ये निकाल छापला: गोऱ्या वळणाच्या नावांना सुमारे 50 टक्के जास्त बोलावणी. त्याच रीतीनं अर्थतज्ज्ञ सुखदेव थोरात आणि समाजशास्त्रज्ञ पॉल अटवेल यांनी भारतातल्या खासगी नोकऱ्या तपासल्या. 2007 मध्ये निघालेला आकडा असा: उच्चजातीय हिंदू नावाला बोलावणं येण्याची शक्यता 1 धरली, तर दलित नावाला 0.67 आणि मुस्लिम नावाला 0.33. थोरात शिकले औरंगाबादच्या मिलिंद महाविद्यालयात. 'आमची पोरं' म्हणता ती हीच ना?

अर्थात रीत जशीच्या तशी उचलली तर इथं फसते. जाधव, पवार, गायकवाड, मोरे ही आडनावं मराठ्यांत आहेत, दलितांतही आहेत. अर्ज वाचणाऱ्याला जात कळलीच नाही, तर फरक शून्य येतो आणि आपण खुशाल 'भेदभाव नाही' असं लिहून बसतो. म्हणून आधी नावांची यादी त्याच शहरातल्या त्रयस्थ माणसांना दाखवायची, कोणत्या नावावरून काय ओळखू येतं ते टिपायचं, गोंधळाची नावं काढून टाकायची. कांबळे-कुलकर्णी यांवर भागत नसेल तर पहिलं नाव किंवा वस्तीचा पत्ता जोडायचा. पण मग वस्तीमुळे गरिबीचाही वास येतो आणि जात वेगळी काढणं अवघड जातं. एका जाहिरातीला जाणारे अर्ज एकाच दिवशी टाकायचे नाहीत, आधी कोणता जाणार तो क्रम बदलत ठेवायचा, प्रत्येक नावाला वेगळा मोबाइल नंबर ठेवायचा. शिक्षण आणि अनुभव तोलून मापून सारखे. पण शब्दन् शब्द सारखा केला, तर साहेब लोक नक्कल ओळखतात.

शोधनिबंधांचे मसुदे तपासण्यात माझी उमर चालली आहे. ते पडतात ते इथंच. निष्कर्ष झकास असतो आणि नावं कशी निवडली याची एक ओळ नसते. या नियतकालिकात संशोधनाचे लेख वेगळे, ज्ञानशाखेची झाडाझडती घेणारे वेगळे आणि पुस्तकांवरचे निबंध वेगळे असे तीन विभाग आहेत. पोरांनी पहिल्या विभागातलं पद्धतीचं प्रकरण आधी वाचावं, निष्कर्ष मागाहून.

इंग्रजीबद्दल: शब्दकोश घ्या. पुढच्या वेळी नाव लावून लिहिलंत तर आणखी बोलू.