खुलासा : पोटगीचा अर्ज केला की वावर बायकोच्या नावावर होत नाही

"पोटगीचा अर्ज केला की कोर्ट नवऱ्याचं अर्धं वावर जप्त करून सातबाऱ्यावर बायकोचं नाव चढवते," हा मेसेज दारव्हा-दिग्रसकडच्या ग्रुपवर फिरत आहे. परवा मीही पुढे पाठवला. चूक माझीच.

काल शेजारच्या काकू पन्नीत गुंडाळलेला सातबारा घेऊन आल्या. सुनेनं अर्ज केलाय, आता वावर जाणार का, म्हणून रडत होत्या. मग ओळखीच्या वकिलांकडे बसून कलमच वाचलं : भारतीय नागरिक सुरक्षा संहिता, कलम १४४, म्हणजे जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेतलं (CrPC) कलम १२५.

नुसत्या अर्जानं तिथं जप्ती येत नाही. आधी पोटगीचा आदेश होतो. पुरेशा कारणाशिवाय पैसे थकवले, तरच वसुलीचं वॉरंट निघतं. त्यात जंगम माल, म्हणजे हलवता येणाऱ्या वस्तू, जप्त होऊ शकतो, किंवा कलेक्टरमार्फत जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी वसुली होते. ही दुसरी वाट मात्र जमिनीपर्यंत पोहोचू शकते, हे लपवत नाही. पण जप्ती थकलेल्या रकमेपुरती. तेवढ्यानं बायको मालक होत नाही. वॉरंटनंतरही बाकी राहिली तर एक महिन्यापर्यंत कैद होऊ शकते.

आणि बायांनो, हे त्या मेसेजमध्ये नाहीच : रक्कम थकल्यापासून एका वर्षाच्या आत वसुलीचा अर्ज द्यावा लागतो.

जुना मेसेज कृपा करून पुढे पाठवू नका. ज्यांना पाठवला असेल त्यांना हा पाठवा. मीही तेच करत आहे.