जेफ्री पामरचं ‘आंबट तोंड’: प्रतिक्रियेला उत्तर

ब्रिटिश अभिनेता जेफ्री पामरवरच्या लेखाखाली तुम्ही लिहिलंत की जन्मभर एकच आंबट तोंड घेऊन फिरणाऱ्याला चरित्र अभिनेता कसं म्हणायचं, लीड रोल एकही नाही, वर अ‍ॅक्टिंगचं शिक्षणसुद्धा नाही. दोन ओळीत आटपेना म्हणून इथे लिहितेय.

लीडचं आधी उरकते. ‘अ‍ॅज टाइम गोज बाय’ ही टीव्ही मालिका १९९२ ते २००५ चालली, त्यात अभिनेत्री जुडी डेंचच्या बरोबरीने हाच होता ना? केनियात कॉफीचा मळा करून परतलेला लायनेल. आणि १९८४ची ‘फेअरली सीक्रेट आर्मी’ ही मालिका तर सगळी त्याच्याच खांद्यावर होती. ड्रामा स्कूलला गेला नाही हे खरंय, हिशेबाची नोकरी, मग हौशी नाटकं, मग थिएटरात बिनपगारी बॅकस्टेज, असा वर आला. यात टोमणा मारण्यासारखं काय आहे मला कळलं नाही.

आता तोंड. अहो, चेहऱ्यावरची माशी हलत नाही हेच तर त्याचं भांडवल! हॉटेलावरच्या ‘फॉल्टी टॉवर्स’ या विनोदी मालिकेचा १९७९चा तो मढ्याचा एपिसोड आठवा, हॉटेलमालक बेसिल मेलेल्या गिऱ्हाइकाला नाश्ता देऊन येतो आणि ते मेलंय याचा बेसिलला पत्ताच नाही, मग सगळं हॉटेल डोक्यावर घेतो, आणि या धिंगाण्यात पामरचा डॉक्टर एकच धरून बसलाय, मी डॉक्टर आहे आणि मला माझे सॉसेज हवेत. तिथे त्यानेही हातपाय झाडले असते तर नुसता गोंधळ झाला असता. बेसिल झालेल्या जॉन क्लीजची धावपळ आपल्याला दिसते कारण समोर कुणीतरी ढिम्म उभा आहे.

पहिल्या महायुद्धावर बेतलेल्या ‘ब्लॅकअ‍ॅडर’ या विनोदी मालिकेच्या शेवटच्या भागात (१९८९) तर रोल जेमतेम दोनेक मिनिटांचा, ब्रिटिश सेनापती फील्ड मार्शल हेग. टेबलावर रणांगणाचं मॉडेल, त्यावर खेळण्यातले सैनिक, हा ते आडवे पाडतो आणि मग सुपलीत भरून खांद्यावरून मागे फेकून देतो. चेहरा? रोजचा केर काढणाऱ्या माणसाचा. क्रूर वगैरे काही नाही. फोनवर पलीकडे खंदकातला कॅप्टन ब्लॅकअ‍ॅडर जीव वाचवायचा मार्ग विचारतोय. दोन मिनिटांत भाव खाऊन गेला राव.

आणि ‘एकच’ तरी कुठे? ‘रेजिनाल्ड पेरिन’ मालिकेतला जिमी, माजी फौजी, मेव्हण्याकडे खायला मागायला येतो, तिथे त्या मख्खपणाखाली लाज आहे. ‘बटरफ्लाइज’ मालिकेतला डेंटिस्ट बेन, बायको दुसऱ्यात गुंतत चाललीय आणि हा आपला फुलपाखरं जमवतोय, तिथे त्याच चेहऱ्याखाली बोलता न येणारा नवरा आहे. चेहरा तोच, माणूस वेगळा. डोळे बघा, भुवया नका बघू.

बाकी ‘अ‍ॅज टाइम गोज बाय’ संथ आहे म्हणालात, तर आहेच, शेवटचे सीझन मीही भाजी निवडता निवडताच बघितलेत.