चंपानेर कुणी बांधलं?

'लगान' सिनेमातलं चंपानेर गाव शूटिंगच्या आधी तिथं नव्हतंच. भुजजवळच्या कुनरियाच्या माळावर कलादिग्दर्शक नितीन चंद्रकांत देसाईंनी ते वसवलं. घरं, देऊळ, सगळं. आपण मात्र अजून शेवटच्या सिक्सरवरच बोलतो.

त्याआधी जब्बार पटेलांच्या 'डॉ. बाबासाहेब आंबेडकर'च्या कलादिग्दर्शनासाठी देसाईंना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला होता. दीक्षाभूमीच्या आपल्या नागपुरातही ते फारसं कुणाला ठाऊक नाही, याचं मला खरंच वाईट वाटतं.

देसाईंसारखा प्रॉडक्शन डिझायनर म्हणजे सजावटवाला, हा समज आधी डोक्यातून काढा. पटकथा हातात आली की या घरात कंदील असेल की बल्ब, भिंत शेणानं सारवलेली की चुन्याची, हे तो ठरवतो. मग रेखाटनं, मॉडेल, बजेट, आणि सुतार-पेंटर-मोल्डर यांची फौज सांभाळणं. एवढं करून शूटिंग संपलं की सेट तोडायचा! आपल्या मारबतीच्या मिरवणुकीतल्या बडग्यांच्या पुतळ्यांसारखंच, दिवसरात्र राबून घडवायचं आणि जाळून मोकळं व्हायचं.

ही मेहनत ठाऊक आहे, म्हणूनच मूर्तिकारांच्या चितारओळीतून जाताना माझा जीव तुटतो. तिथला ओळखीचा एक पोरगा नवाकोरा पाट जुना करून दाखवतो. आधी गडद रंग, त्यावर फिका हात, मग सँडपेपरनं फक्त कडा घासायच्या, कारण वापरातलं लाकूड आधी कडेलाच झिजतं. सेटवर याला एजिंग म्हणतात. घरचे म्हणतात, "रंगरंगोटीनं पोट भरते का? पोरगा टाइमपास करून राहिला."

त्यांची धास्ती मला समजते. दापोलीत जन्मलेल्या देसाईंनी चार राष्ट्रीय पुरस्कार मिळवले, 2005 मध्ये कर्जतला स्वतःचा स्टुडिओ उभारला, आणि 2 ऑगस्ट 2023 ला तिथंच आयुष्य संपवलं. कंपनीवर कर्जाचा डोंगर होता. पण स्टुडिओ चालवणं हा वेगळा व्यवसाय आहे. त्याची जोखीम पाहून कलादिग्दर्शनाचा पेशाच पोराला बंद करू नका.

वाट आहे. नागपुरातच शासकीय चित्रकला महाविद्यालय आहे. पदवीनंतर पुण्याच्या एफटीआयआय या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये कलादिग्दर्शन आणि प्रॉडक्शन डिझाइनचा पदव्युत्तर अभ्यासक्रम आहे, त्याला चित्रकला, शिल्पकला, उपयोजित कला, आर्किटेक्चर यांतली पदवी चालते. ज्यांच्या घरात असा हात असलेलं पोर आहे, त्यांनी बारावीचा फॉर्म भरायच्या आधी एकदा ही माहिती काढा. आणि शाळेतल्या चित्रकलेच्या सरांनो, मॅडम, तुम्ही तरी पालकांना बोलावून सांगा.