कोरी सोडलेली जागा पण लिहिलेलीच असते

भाऊ, तुमची कमेंट दोनदा वाचली. तुमचं म्हणणं असं की पिक्चर डायरेक्टरचा असतो, लेखकाने कागद दिला की त्याचं काम संपलं, आणि मी तर डायलॉगच लिहीत नाही, अर्धं पान कोरं सोडतो, मग त्यात कुणी काही भरलं तर तक्रार कशाला.

ही शेवटची गोष्टच मला लागलीय. मी लिहिलेली आमची शॉर्ट फिल्म पारोळ्याकडे शूट झाली. एक सीन मी एवढाच लिहिला होता: रात्र. थ्री फेज (शेतीपंपाची लाईट) येते. विहिरीवरची मोटर सुरू होते. म्हातारी खाटेवर उठून बसते. एक मिनिट. बस. त्या एका मिनिटासाठी मी चार रात्री शेतात काढल्यात, आधी मोटर आपोआप चालू करणाऱ्या ऑटो स्विचचा खट् आवाज येतो, मग मोटर घुमायला लागते, मग पाइपातून नुसती हवा फुसफुसते आणि मग कुठे पाणी, तोवर माणूस अंधारात बसून ऐकत असतो. एडिटिंगमध्ये ते मिनिट बारा सेकंदांवर आलं आणि वर बासरी टाकली. मला विचारलंच नाही. ती जागा मोकळी नव्हती हो, तिथे काय नको हे मी ठरवलं होतं.

आणि मला सगळं माझ्याच हातात पाहिजे असंही नाही. त्याच सीनला गावातल्या आजी आपल्या मनानेच बोलून गेल्या, "लाईट उनी नि झोप गयी," म्हणजे लाईट आली नि झोप गेली. माझ्या कागदावर एक शब्द नव्हता. आम्ही सगळे तिथेच होतो, बोललो, ठेवलं, आणि संवादाच्या क्रेडिटला आजींचं नाव मीच मागून घेतलं. बहिणाबाईंना लिहिता येत नव्हतं, गाणी सोपानदेवांनी लिहून ठेवली, पण १९५२ ला पुस्तक आलं ते बहिणाबाईंच्याच नावाने ना? आपल्याकडे ही रीत आहे.

राहिलं पिक्चर कुणाचा ते. १९५७ चा कॉपीराइट कायदा सिनेमाचा ऑथर निर्मात्याला मानतो, म्हणजे तिथे डायरेक्टरचंही नाव नाही, पटकथेवर मात्र लेखकाचा वेगळा हक्क असतो. आणि १९८३ चा अर्धसत्य घ्या, कथा पानवलकरांची, पटकथा तेंडुलकरांची, हिंदी संवाद वसंत देवांचे, कविता दिलीप चित्र्यांची, डायरेक्शन निहलानींचं. तो पिक्चर एकट्या डायरेक्टरचा म्हणताना मला बाकीचे चौघं दिसतात.

पुढच्या फिल्मच्या करारात मी एकच ओळ टाकायला सांगितलीय, जिथे शांतता लिहिलीय तिथे म्युझिक टाकायच्या आधी लेखकाला दाखवायचं. टाकायचं की नाही ते डायरेक्टरने ठरवावं, पण माझ्याशी बोलून.

तुम्ही धुळ्याचेच आहात ना, तर एकदा भेटा. माझ्याकडे बासरीवालं आणि बिनबासरीचं दोन्ही आहे, हेडफोन देतो, दोन्ही पूर्ण ऐका, आणि मग परत असंच रोखठोक लिहा.