त्रिज्या वाढवा, भाऊबंद टाळा

खान्देशात राहून मोबाइलवर प्रेम शोधायचं ठरवलं असेल तर आधी अभिनंदन. एकटं पडायला लागते ती गर्दी इथं आयती आहे. ब्रिटनला २०१८ साली एकटेपणासाठी मंत्री नेमावा लागला, जपानला २०२१ मध्ये. २०२५ मध्ये जागतिक आरोग्य संघटनेनं सांगितलं, जगात दर सहा माणसांमागे एकाला एकटेपणानं ग्रासलंय. आपल्याकडे मंत्र्याचं काम गावचा पार करतो. घरापासून स्टँडपर्यंत जाताना पाच जण 'कथा जाई ऱ्हायना भाऊ?', म्हणजे कुठं चाललास, म्हणून विचारतात. उत्तर ऐकायला कुणी थांबत नाही, तेवढी उणीव ॲप भरून काढेल अशी तुमची समजूत आहे. ती शाबूत राहावी म्हणून हे मार्गदर्शन.

सुरुवात अंतराच्या सेटिंगपासून करा, कारण निम्मी फजिती तिथंच ठरते. जळगावात बसून त्रिज्या २५ किलोमीटर ठेवली की भुसावळपर्यंतचा मुलूख टप्प्यात येतो. पहिल्या दहा फोटोंत एक मावसबहीण, एक शाळेतल्या बाईंची मुलगी आणि एक ती, जिला गेल्या वर्षी तुमच्याच काकूनं 'उंची कमी पडते' म्हणून नाकारलं होतं. ९० केली तर धुळं येतं. टिंडरवर ही पट्टी १६० पर्यंत ओढता येते, ओढाच. तेवढ्यात बऱ्हाणपूरही येतं. मात्र ॲप अंतर मोजतं ते सरळ रेषेत. चाळीसगावच्या पोराला कन्नडची मुलगी अगदी हाताशी दिसते, मध्ये कन्नड घाट आहे आणि त्यात एक ट्रक आडवा पडलाय हे ॲपला कुणी सांगितलेलं नसतं. यावल-रावेरकडच्यांना सातपुड्यापलीकडची मुलगी तर त्याहून जवळ दिसते.

हंगाम बघून ॲप उघडावं. एरवी ओस पडलेला पडदा दिवाळी, आखाजी म्हणजे अक्षय्य तृतीया आणि कानबाईच्या सणाला एकदम भरतो. त्यातही कानबाईचा भर मोठा फसवा. श्रावणात नागपंचमीनंतरच्या रविवारी पुण्याहून, सुरतेहून, नाशकाहून झाडून सगळे घरी येतात, आणि मोबाइलवर 'एक किलोमीटरच्या आत' असे नवेनवे चेहरे चमकायला लागतात. छाती धडधडू द्या. पण रोट, म्हणजे कानबाईचा प्रसाद, भाऊबंदकीबाहेर जात नाही, आणि हे सगळे रोट खायलाच आलेले आहेत. म्हणजे त्या दोन दिवसांत जो जितका जवळ दिसेल, त्याच्याशी लग्न होण्याचा संभव तितका कमी.

आता फोटो. सहा ठेवा. पहिला बुलेटवरचा, बुलेट मित्राची. नंबरप्लेट झाका, कारण एमएच १९ च्या पुढचे चार आकडे वाचून गाडी कुणाची, हप्ते किती थकलेत, हे सांगणारा एक माणूस प्रत्येक तालुक्याला असतो. दुसरा मनुदेवीच्या धबधब्याखालचा, सात जणांचा, सातही गॉगलवाले, म्हणजे मुलीला अंदाज बांधायला वाव राहतो. शेतीबाबत मात्र जपून. स्थळांच्या सूचीत 'अपेक्षा'पुढे काय छापलेलं असतं ते पाठच असेल: नोकरीवाला, पुण्यात स्वतःचा फ्लॅट, शेती असल्यास प्राधान्य. थोडक्यात, सातबारा हवा, त्यावर नाव असलेला माणूस वावरात दिसता कामा नये. तेव्हा केळीच्या वीस-पंचवीस किलोच्या घडाशेजारी घामेजून उभे असलेले फोटो काढून टाका. बागेचा एक लांबून घ्या, त्यात तुम्ही नको. तुमचा एक मॉलच्या सरकत्या जिन्यावर घ्या, त्यात बाग नको. दोन्हींचा मेळ मुलीचे वडील घालतील.

उंची बायोडाटात फूट-इंचांत असते, ॲपवर सेंटिमीटरमध्ये. हा रूपांतराचा क्षण वाया घालवू नका. पाच फूट सहा इंच म्हणजे १६८. ते १७५ लिहायचे. पहिली भेट बसूनच उरकायची आणि निघताना तिला आधी जाऊ द्यायचं. शिष्टाचार म्हणून खपून जातं.

संवादाबद्दल वेगळं सांगायला नको, पण पद्धत म्हणून नोंदवतो. सकाळी 'गुड मॉर्निंग डिअर' आणि सूर्यफुलाचं चित्र. दुपारी 'जेवलीस का'. रात्री 'जेवलीस का'. या प्रश्नाचं उत्तर 'हो' असतं आणि 'हो'नंतर काही नसतं, म्हणून चौथ्या दिवशी पलीकडून निळी टिकसुद्धा येत नाही. हेच व्हायला हवं. चुकूनही 'काय जेवलीस' असं विचारू नका. त्याला उत्तर येतं. ती म्हणते कळण्याची भाकरी. मग ज्वारीत उडीद किती घालता, तुमच्याकडे सोबत ठेचा की खुडा, भरताची वांगी गॅसवर भाजता की पऱ्हाटीच्या काड्यांवर, लाकडी बडगीत कुटता की मिक्सरला लावता... असं करत अकरा वाजतात. मिक्सर म्हणाली तर भांडणही होतं, म्हणजे दुसऱ्या दिवशी बोलायला विषय. ज्याला एकटं राहायचंय त्याला ही जोखीम परवडत नाही.

शेतकरी असाल तर तुमच्याकडे आणखी एक हुकमी अडचण आहे: रात्रीची लाइट. शेतीपंपाची थ्री फेज बऱ्याच गावांत आळीपाळीनं, कधी दिवसा, कधी रात्री. रात्रीच्या पाळीला माणूस मोटार चालू करून बांधावर बसतो, बिबट्या फिरकू नये म्हणून मोबाइलवर गाणी मोठ्यानं लावतो, आणि दीड वाजता 'ऑनलाइन' दिसतो. हिंजवडीतल्या फ्लॅटवर जागी असलेल्या मुलीला वाटतं, हा आणखी तिघींशी बोलतोय. वास्तविक एक फेज गेलेला असतो आणि हा तो यायची वाट बघत असतो. खुलासा अजिबात करू नका. लग्नाच्या बाजारात तिघींशी बोलणारा चालून जातो, पाणी भरणारा नाही.

ताई, तुमच्यासाठी वेगळा परिच्छेद, कारण तुमचा त्रास वेगळा आहे. तुम्हाला मॅच मिळतात, एका संध्याकाळी पुऱ्या गावाच्या मतदारयादीइतक्या. सगळ्या 'हाय' म्हणतात. बंबल हे ॲप २०१४ मध्ये निघालं तेच मुळी या अटीवर की मुलगा-मुलगी जुळले तर पहिलं वाक्य मुलीनं लिहायचं, आणि चोवीस तासांत लिहिलं नाही तर मॅच गायब. २०२४ मध्ये त्यांनी यातही सवलत दिली: मुलीनं एक तयार प्रश्न लावून ठेवायचा, उत्तरं आपोआप येतात. म्हणजे 'हाय' वाचायची सोय पुन्हा झाली. हिंज नावाच्या ॲपवर फुकट खात्याला दिवसाला ८ लाइक, त्यामुळे तिथला मुलगा जरा विचार करून बोट ठेवतो. पण आपल्या पट्ट्यात तिथं माणसंच इतकी थोडी की तिसऱ्या दिवशी तेच आठ चेहरे फिरून येतात. चेहऱ्याचा फोटो लावायची तर चैनच. मेंदीचा हात लावा, पाठमोरं उभं राहा, गुलाब लावा. स्क्रीनशॉटला गावच्या ग्रुपवर पोहोचायला चहाला उकळी येण्याइतकाही वेळ लागत नाही, आणि पहिला प्रश्न 'कोनी पोर शे?', कुणाची मुलगी, असाच येतो. टिंडरनं २०२१ मध्ये ओळखीचे नंबर आधीच ब्लॉक करायची सोय दिली, ती वापरा. फक्त त्यासाठी ते नंबर तुमच्याकडे हवेत. म्हणजे सगळ्या काका, मामा, आत्येभाऊ, वहिनीचे भाऊ आणि बापूंच्या ग्रुपमधल्या सभासदांचे नंबर सेव्ह करून घ्या, एक रविवार त्यात घालवा; तरी एक चुलतभाऊ नवं सिम घेऊन हजर असतोच. तो ॲपवर काय करत होता, हे त्याला कुणी विचारत नाही.

इतकं करूनही प्रेम मिळालं नाही तर ते स्वतःहून येतं, साधारण रात्री अकराच्या सुमारास. खातं पंधरा दिवसांपूर्वीचं, फोटो दोन, मराठी शून्य. दहा मिनिटांत व्हॉट्सॲप नंबर मागते, वीस मिनिटांत व्हिडिओ कॉल. पलीकडे आधीच रेकॉर्ड केलेला व्हिडिओ चालू असतो. तुमचा चेहरा पडद्यावर पाच-सात सेकंद आला की काम फत्ते. दुसऱ्या दिवशी तुमचंच रेकॉर्डिंग आणि त्याखाली तुमच्या फेसबुक मित्रांची यादी, मामांचं नाव वर. तिसऱ्या दिवशी 'दिल्लीचे साहेब' वर्दीतला फोटो लावून फोन करतात, चौथ्या दिवशी व्हिडिओ काढून टाकायला 'यूट्यूबचा अधिकारी' फी मागतो. तिघंही एकाच खोलीत बसलेले असतात. तुम्ही पैसे भरा. भरले की कळतं की हा भरणारा आहे, मग मागणी दुप्पट होते आणि नातं टिकतं. चॅटचे स्क्रीनशॉट, फोन नंबर, यूपीआय आयडी असलं काही जपून ठेवू नका, मित्रयादी लपवू नका आणि १९३० हा सायबर फसवणुकीच्या तक्रारीचा नंबर तर मुळीच फिरवू नका, नाहीतर पैसे मध्येच गोठवले जाण्याचा संभव असतो. दुसरी जात शांत असते. ती महिनाभर खरंच विचारपूस करते, आजारपणात औषधाची आठवण करते, मग ट्रेडिंगचं ॲप देते. पहिले हजार रुपये नफ्यासकट परत येतात. कपाशीचे पैसे टाकले की मात्र काढायला आधी 'टॅक्स' भरावा लागतो. आपल्याकडे विचारपूस करणाऱ्याची इतकी टंचाई आहे की लोक तिचे पैसे मोजतात, एवढाच याचा अर्थ.

मॅच येतच नाहीत म्हणून प्रीमियम घ्यायच्या विचारात असाल तर अवश्य घ्या. पण एक हिशेब बाजूला करून ठेवा. २००१ च्या जनगणनेत जळगाव जिल्ह्यात सहा वर्षांपर्यंतच्या १००० मुलांमागे ८८० मुली होत्या, २०११ मध्ये ८४२. जन्माला येतानाच मुलगे थोडे जास्त असतात, तो फरक सोडला तरी हजारी शंभरच्या घरात मुली कमी. ती २०११ ची पोरं मिसरूड फुटून आता ॲपवर यायला लागलीत आणि अल्गोरिदमला शिव्या घालतायत. त्यांच्या वाट्याच्या मुलींना डावीकडे सरकवलं ते अल्गोरिदमनं नव्हे. १९९४ चा कायदा आहे, 'येथे गर्भलिंगनिदान केले जात नाही' असा बोर्ड आहे, आणि त्या बोर्डाखालच्या बाकावर जोडीनं बसलेली जी माणसं होती तीच आज पोराचा बायोडाटा घेऊन परिचय मेळाव्याच्या रांगेत उभी आहेत. 'तिशी आली, कुणी मुलगी देईना,' म्हणतात. त्यांच्यासाठी एजंट आहे. दीड-दोन लाख घेऊन परमुलखातली नवरी आणतो, सोबत एक मावशी. तिच्या घरी जाऊन येऊ नका, आधार तपासू नका, लग्न देवळात अर्ध्या तासात उरका. पाचव्या दिवशी नवरी, मावशी आणि सोन्याची पोत तिघंही एकाच गाडीनं जातात.

समजा, इतकं होऊनही कुणी खरं माणूस भेटायला तयार झालं. जागा कोणती? मेहरूण तलावावर सकाळी सगळे डॉक्टर आणि संध्याकाळी त्यांचे पेशंट फिरतात. पडदेवाल्या कॅफेत ताशी दर आणि अधूनमधून पोलिसांची धाड. मे महिन्यात पारा ४५ च्या पुढे जातो, तेव्हा बागेत दुपारी बसण्याइतकं प्रेम कुणाचंच नसतं. त्यातल्या त्यात भुसावळ जंक्शनचा फलाट बरा. १० रुपयांचं प्लॅटफॉर्म तिकीट, दोन तास चालतं, वर छप्पर, आणि दोन माणसं बॅग घेऊन एका बाकावर का बसलीत हे स्टेशनात कुणी विचारत नाही. बॅग मात्र विसरायची नाही, रिकामी चालेल. धोका एकच, निम्मं भुसावळ रेल्वेत आहे. टीसी कुणाचा ना कुणाचा मामा निघतो.

आणि प्रकरण जातीबाहेर जाऊन पुढं सरकलंच, तर १९५४ चा विशेष विवाह कायदा तुमची शेवटची प्रोफाइल बनवून देतो. दोघांपैकी एकजण निदान ३० दिवस ज्या जिल्ह्यात राहिलाय तिथल्या विवाह अधिकाऱ्याकडे नोटीस द्यायची. नावं, वय, धंदा, पत्ता, सगळं फलकावर ३० दिवस. इथं लाइकची सोय नाही, फक्त हरकतीची. ती वय, आधीचं जिवंत लग्न, मनाची अवस्था, निषिद्ध नातं एवढ्याच कारणांवर चालते; जात त्यात बसत नाही, पण फलक वाचायला येणारा कारणं वाचत नाही, पत्ता वाचतो. नोटिशीपासून तीन महिन्यांत लग्न उरकलं नाही तर सगळं पुन्हा पहिल्यापासून. सही करायला साक्षीदार तीन लागतात, ओळखपत्रासह, ऑफिसच्या वेळेत, म्हणजे मंगळवारी सकाळी अकराला सुट्टी टाकून येतील असे. फोनमध्ये नंबर अकराशे आहेत. वरपासून खालपर्यंत नीट बघा. दोन निघतात. तिसऱ्यासाठी समोरच्या झेरॉक्सवाल्याला विचारून बघा.