पाच तारे, उधारी बंद

मोबाइलची काच बदलायला गेलो होतो, एवढंच. स्टेशन रोडवरच्या दुकानातल्या पोरानं बिलासाठी नाव विचारलं. मी वडिलांच्या नावासकट सांगितलं (पुस्तक छापलेला माणूस अर्धं नाव सांगत नसतो) आणि पोराचा चेहरा खुलला.

"ते गोष्टींचं पुस्तक तुमचंच का सर? निळं कव्हर?"

परभणीत मला असं कुणी ओळखत नाही. मी खांदे सरळ केले. "वाचलंस?"

"वाचायला कशाला लागतंय? त्याला एक तारा मीच दिलेला की!"

आवाजात खंत नाही, उलट जुनी ओळख निघाल्याचा आनंद. "भाषा कंटाळवाणी. पैसे वाया. डिलिव्हरी मात्र वेळेवर." गेल्या पावसाळ्यापासून हे ऑनलाइन विकणाऱ्या कंपनीच्या साइटवर माझ्या पुस्तकाखाली लटकलंय. मला साडूचा संशय होता. त्यापायी दिवाळीत मी त्याच्याशी धड बोललो नाही. आता बोलावं लागणार, हे नवीनच संकट.

"तुम्ही कामून तापायलेत सर? गिऱ्हाईक तर दोन तारे द्या म्हणालतं. मीच म्हणलं, दोन दिले की वाचून दिल्यासारखं वाटतंय. एकच ठेवू. रेट तोच."

"गिऱ्हाईक कोण?"

"नाव सांगत नसतो. धंदा आहे." मग माझ्याकडं बघून त्याला दया आली असावी. "कविता करतात. खांद्याला झोळी असती. चहा घेता का म्हणलं की 'असू द्या, असू द्या' म्हणत दोन पितात."

या वर्णनावरून आरोपी शोधायचा तर अर्धी परभणी ठाण्यात बसवावी लागेल. तरी माझा एकावर दाट संशय आहे. प्रकाशनाला हाच गृहस्थ माझ्या कथांना "मराठवाड्याच्या मातीचा अस्सल हुंकार" म्हणाला होता. शाल घेतली, श्रीफळ घेतलं, जाण्यायेण्याचं पाकीटही घेतलं.

पोरगं जुनी काच खरवडत मला शिकवणी देत होतं. खरेदीचा शिक्का पडावा म्हणून आधी ईबुक विकत घ्यायचं. सगळे अभिप्राय एकाच दिवशी टाकायचे नाहीत, कंपनीला वास येतो. आणि कौतुकात एक खोट ठेवायची: "मुखपृष्ठ अजून चांगलं चाललं असतं." नुसतं गोड कुणाला पटत नाही.

"पुस्तकात काय सुटत नाही सर. खरी कमाई दातांचे दवाखाने अन् मंगल कार्यालयं. पुस्तकाचं मी निव्वळ आवड म्हणून करायलो."

जगात जर्मनी, भारतात परभणी म्हणतात ते उगाच नाही. अमेरिकेच्या वॉल्ट व्हिटमननं १८५५ साली स्वतःच्या कवितासंग्रहाची तारीफ निनावी लिहून छापून आणली होती. ऑर्लँडो फायजिस हा लंडनचा इतिहासकार टोपणनावानं स्वतःची पुस्तकं उचलून धरायचा अन् सोबतच्या अभ्यासकांची झोडपायचा. २०१० साली बोभाटा झाला तेव्हा आधी वकिलाची भाषा, मग "बायकोनं लिहिलं", शेवटी "मीच" आणि वर भरपाई. २०१२ मध्ये रहस्यकथा लिहिणारा आर. जे. एलरी असाच सापडला. पण त्यांनी निदान स्वतःच्या हातानं तरी टंकलं. आमच्या झोळीवाल्याला तेवढाही त्रास नको, दुसऱ्याचं पुस्तक पाडायचं तेही कंत्राटावर!

भारतीय मानक ब्युरोनं नोव्हेंबर २०२२ मध्ये यावर मानक काढलंय, आयएस १९०००. विकतचे अभिप्राय नकोत, लिहिणारा खरा आहे का ते तपासा, वगैरे. निघालं तेव्हा ते ऐच्छिक होतं. सक्तीचं हेल्मेट आम्ही डिक्कीत ठेवतो, तर ऐच्छिक गोष्टीचं काय करणार?

आणि खरा राग वेगळाच आहे. माझ्या भाचीनं अख्खं पुस्तक वाचलं. कुठली गोष्ट का आवडली, कुठली फसली, सगळं लिहिलं. ते कंपनीनं उडवलं. नात्यातल्यांचं चालत नाही म्हणे. बरं, नियम मान्य. मग ज्यानं पान उलटलं नाही त्याचा तारा कसा टिकला? तर त्याच्याकडं खरेदीचा शिक्का आहे! तक्रार केली तर "आपला अभिप्राय आमच्यासाठी मोलाचा आहे" असं यंत्राचं उत्तर येतं. पदरचे पैसे घालून पुस्तक काढायचं, गठ्ठे पलंगाखाली ठेवायचे, आणि त्याची लायकी ठरवणार कोण, तर काच चिकटवणारं पोरगं. त्याचाही धड राग येत नाही, काच खरंच चांगली बसवली.

"तुम्हाला पण करून देऊ का सर? पाच तारे, वेगवेगळ्या नावानं. उधारी नाही फक्त. अन् झोळीवाल्या सरांच्या पुस्तकाला एक तारा पाहिजे तर तो वेगळा."

"किती?" असं मी विचारलं ते निव्वळ माहितीसाठी.

त्यानं आकडा सांगितला. माझ्या पुस्तकाच्या छापील किमतीपेक्षा जास्त होता. मग "टच चालतोय का बघतो" म्हणत त्यानं माझा फोन बराच वेळ बोटांखाली ठेवला.

रात्री बघतो तर माझ्या खात्यावरून, माझ्या फोटोसकट, त्या दुकानाला पाच तारे. खाली मजकूर: "लेखकाची शैली ओघवती. मुखपृष्ठ मात्र अजून चांगलं चाललं असतं." त्याला दोघांनी अंगठासुद्धा दाखवलाय.